हनीफचाचांची नोटीस

हनीफचाचांची नोटीस शेळीनं खाल्ली, आणि ती तिच्या तोंडासमोर चिकटवली होती मीच.

वेल्ह्यातल्या एका सरकारी कचेरीत मी कंत्राटी शिपाई. बी.ए. आहे, पण ते तिथं कुणी विचारत नाही. हनीफचाचा भोरचे ठेकेदार. ओढ्यांवर साकव बांधतात, माणसं-गुरं जातील एवढे छोटे पूल. मार्गासनीजवळच्या त्यांच्या साकवाचा कठडा पुरात तुटला, तेव्हा 'काळ्या यादीत का टाकू नये, खुलासा करा' अशी नोटीस निघाली. ती भोरला, घरी द्यायची होती. माझी एसटी चुकली, म्हणजे मी चुकवली, आणि साकवाशेजारच्या त्यांच्या पत्र्याच्या बंद शेडवर ती लावून टाकली. तिथल्या धोंडाबाईंकडून वाटीभर कणीक उसनी घेतली, त्यांच्याच चुलीवर खळ शिजवली. खळ फारच छान झाली. कचेरीत येऊन लिहिलं: बजावली.

खुलासा येईना. मुदत टळली. साहेब म्हणाले, "म्हणजे याला काही म्हणायचंच नाही." चाचांचं नाव काळ्या यादीत गेलं.

त्यांना ते कळलं नवं काम मागायला गेल्यावर. आता कुठलीच कचेरी त्यांना काम देईना. आमच्याकडे आले, पण भांडले नाहीत. बाकावर बसून धुक्यात तोरणा शोधत राहिले.

"दुपारचा डोळा लागला की सपान पडतं, स्वरूपशेठ," ते मला म्हणाले. शिपायाला शेठ म्हणायची त्यांची खोड. "मी साकवावरनं चाललोय. धुकं हाय. अलीकडचं टोक हाय, पलीकडचं न्हाईच."

"मग?"

"मग काय, चालतो. शिव्या दिल्या आसत्या तर उत्तर तरी दिलं आसतं. मला कुणी इचारलंच न्हाई."

"नोटीस होती की, चाचा."

"कुठं?"

मी शेडवर गेलो. पत्र्यावर शिक्क्याचा एक कोपरा तेवढा उरला होता.

"आमच्या शेळीनं खाल्ली," धोंडाबाई म्हणाल्या. "दोन दीस पोट बिघडलं तिचं. आन् माझी कणीक?"

कोपरा साहेबांपुढं ठेवला आणि सगळं सांगितलं. साहेबांनी तो उलटसुलट पाहिला.

"शेळीला बजावली, असं लिहायचं का मग?"

"तिनं घेतली तर खरी, साहेब."

मला मेमो मिळाला. तो मात्र हातात मिळाला. चाचांच्या नावाचा आदेश मागं घेतला, नवी नोटीस भोरला जाऊन मी त्यांच्या हातात दिली आणि सुनावणी लागली.

चाचा इस्त्रीचा सदरा घालून, साक्षीला धोंडाबाईंना घेऊन आले.

"बोला," साहेब म्हणाले.

खिडकीतून धुकं आत येत होतं, आणि चाचांचा चेहरा बऱ्याच दिवसांनी झोप लागलेल्या माणसासारखा सैल झाला होता.

"कठड्याचं वेल्डिंग कच्चं व्हतं," ते म्हणाले. "ते माझं. पर पुरात झाड येऊन आदळलं, ते माझं न्हाई."

"झाड कुठाय?"

"माझ्या चुलीत," मागून धोंडाबाई म्हणाल्या. "निम्मं उरलंय."

साहेबांनी खात्री करायला माणूस पाठवला. निम्मं निघालं. चाचांनी कठडा स्वखर्चानं करून द्यायचा, यादीत नाव नको, असं ठरलं.

कठडा बसला त्या दुपारी ओढ्यावर धुकं असं उतरलं की साकव मध्येच संपल्यासारखा दिसत होता. चाचा कठड्यावर हात फिरवत निघाले आणि विरघळले. पाणी तेवढं ऐकू येत होतं. मग पलीकडून, कुठल्या दुसऱ्याच गावातून यावा तसा आवाज आला.

"हाय रं टोक, स्वरूपशेठ."

मी पलीकडं निघालो, तर धोंडाबाईंनी गाठलं.

"कणीक आनली?"

"पुढल्या फेरीला, मावशी."

"मागल्या फेरीलाबी ह्येच म्हनलास."

शेळी माझ्या हातातल्या कागदांकडं बघत होती.