चित्त्याच्या डोळ्यांवरची टोपी

महाराजांच्या शिकारखान्यात मी बैलगाडी हाकायचो आणि तो माझ्या पाठीमागं चित्ता घेऊन बसायचा. आम्ही सगळे त्याला चाचा म्हणायचो. माणसांशी बोलताना त्याचा आवाज पेठेच्या टोकापर्यंत जाई, चित्त्याशी मात्र तो कानात कुजबुजायचा. माळावरून परतलं की आधी चित्त्याच्या पंजातली कुसळं काढायचा, मग स्वतःच्या पायजम्यातली.

त्या उन्हाळ्यात माळ पार उघडा पडला होता. बोरीची झुडपंसुद्धा शेळ्यांनी बुंध्यापर्यंत खाल्लेली. हरणांचा एक कळप दिसला, त्यात काळवीट एकच. पाहुण्या साहेबानं बोट दाखवलं. आता चित्त्याच्या डोळ्यांवरची टोपी काढायची, की तो सुटलाच.

चाचानं टोपीला हात लावला नाही. "आज जनावराचं मन न्हाय, साहेब."

यात त्याचा शब्द शेवटचा. साहेब चिडला, पण गाडी वळली. माझ्या पाठीमागं चित्ता नखांनी फळी ओरबाडत होता.

"चाचा, खोटं बोललासा की."

"मग? त्यो गेल्यावर हरिणी काय वाऱ्यावर गाभण ऱ्हातील? गप गाडी हाक."

शिकारीच्या दिवशी चित्त्याला खात्याचं मटण मिळत नसे. त्यानं मारलं तरच खायचं. तरी संध्याकाळी पाहिलं, तर चित्ता ओठ चाटत पडलेला.

घरी जाताना मंगळवार पेठेत चाचाच्या दारावरून गेलो. ईदसाठी पोसलेल्या बोकडाला तो कुणाला हात लावू द्यायचा नाही. आज खुंट्याला नुसतं दावं होतं, आणि चाचा पायरीवर बसून पायजम्यातली कुसळं काढत होता.