तत्त्वाच्या माणसाची मुलगी

भिवंडीत आमच्या कॉलेजचा कबड्डीचा पहिला संघ उभा केला तो माझ्या बाबांनी. भातशेतीतली, पॉवरलूमवर पाळी करणारी पोरं गोळा करून त्यांनी खेळाडू घडवले, गावोगावचे चषक आणले. कोणाचा घोटा दुखतो, कोणाला दम पुरत नाही, हे त्यांना तोंडपाठ. मी कितवीला आहे ते मात्र आईला विचारावं लागे.

सरावाआधी मैदानावर पाणी मारायचं काम माझं. ते करता करता मी खेळ शिकले. डाव्या कोपऱ्यात दबा धरायचा, चढाईवाल्याचा पाय आत आला की घोटा धरायचा, मग आभाळ कोसळलं तरी सोडायचा नाही. मी अकरावीला कॉलेजात आले त्याच वर्षी मुलींचा संघ निघाला. प्रशिक्षक अर्थात बाबाच. मैदानावर त्यांना सर म्हणायचं, असं त्यांनी मला बजावलं होतं. तेही म्हटलं. मला फक्त त्या संघात खेळायचं होतं.

निवडीच्या दिवशी त्यांनी मला घेतलं नाही. डाव्या कोपऱ्यात कामतघरची एक मुलगी उभी केली. तिला पकड शिकवली होती मीच.

घरी आई कडाडली, "पोर जेवत न्हाय. काय गुन्हा केलाय तिनी?"

"खेळात कमी परली ती," बाबा म्हणाले आणि हात धुवायला गेले.

कबड्डीतलं बाबांचं मत म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. मीही ते मानलं. पुढच्या वर्षी निवडीला फिरकलेच नाही. कामतघरची ती खेळाडूंच्या कोट्यातून पोलिसात लागली, मी काल्हेरच्या गोदामात मालाच्या नोंदी करायला लागले. तिचा राग कधी आला नाही. राग यायचा तो माझ्याच हातापायांचा. लग्नानंतर नणंदेनं विचारलं, "वहिनी, तू खेळायचीस ना गं?" मी म्हटलं, "छे, मला कुठलं जमतंय!"

बाबा निवृत्त झाले तेव्हा कॉलेजनं सत्कार ठेवला. शेतांवर गोदामं बांधून गब्बर झालेले जुने खेळाडू गाड्या घेऊन आले. शाल-श्रीफळ झालं आणि बाबा बोलायला उभे राहिले.

"माझ्यावर पक्षपाताचा डाग नाही," ते म्हणाले. "मुलींचा पहिला संघ निवडला तेव्हा डाव्या कोपऱ्याला माझ्या मुलीच्या तोडीची एकही नव्हती. तरी मी तिला घेतलं नाही. लोकांनी बोट दाखवायला नको."

टाळ्यांचा कडकडाट झाला. शेजारच्या बाई माझा हात दाबून म्हणाल्या, "नशीबवान आहेस. असा बाप मिळायला पुण्य लागतं." व्यासपीठावरून बाबा मला शोधत होते. सापडल्यावर त्यांनी हसून उभं राहायची खूण केली.

मी खुर्चीतून हलले नाही. अंगाचा नुसता जाळ झाला होता. निवडीच्या दिवशी बाबांनी घरी एवढं खरं सांगितलं असतं, तर मी त्यांच्याशी कडाकडा भांडले असते, वर्षभर अबोला धरला असता, आणि खेळत राहिले असते.