मास्क फक्त माझ्यासाठी

तेल तापायला ठेवलं होतं. बाहेर फुगे लावून झाले होते, फीत बांधून झाली होती, गावातली मंडळी जमायला लागली होती. तेवढ्यात भाऊ आत आला आणि त्यानं माझ्या हातात एक काळा मास्क ठेवला.

मी विचारलं, बाकीच्यांचे कुठे आहेत?

"त्यायले नाही लागत," तो म्हणाला. "तू लाव. अन् ताई, दुकान बंद होयेपर्यंत काढू नको."

किचनमध्ये आम्ही बरेच जण होतो. कोणी पीठ चाळत होतं, कोणी कांदा कापत होतं. सगळ्यांची तोंडं उघडी. एकजण तर पिठावर शिंकलासुद्धा. मास्क माझ्या एकटीच्या तोंडाला. मी तो लावला. राग आला नाही, हे आधीच सांगून टाकते. मला वाटलं, मी किचनची मुख्य आहे, मुख्य माणसाचं काहीतरी वेगळं असतं, त्यातलंच हे असेल. स्वतःची समजूत घालायला माणसाला फार वेळ लागत नाही.

भाऊ म्हणजे दुकानाचा मालक. दुकानाचं नाव सांगत नाही, फुकटची जाहिरात मी का करू? भंडाऱ्याकडच्या माणसाला लाल पाटी आणि तिच्यावरचा कोंबडा सांगितला की पुरे. सुरुवात भंडाऱ्याच्या बसस्टँडजवळ एका हातगाडीवर झाली. तेव्हा आम्ही दोघंच. तो गिऱ्हाईक बघायचा, मी तळायचे. मोठ्या कंपन्यांचं ते कुरकुरीत चिकन आमच्याकडच्या पोरांनी मोबाईलवर पाहिलं होतं, खाल्लं नव्हतं. भाऊनं त्यांना ते त्यांच्या खिशाला झेपेल असं दिलं. नुसत्या मैद्यात कुरकुरीतपणा टिकेना, म्हणून तांदळाचं पीठ घातलं. आमच्याकडे घरोघरी पीठ म्हणजे तांदळाचंच, त्यात कसली अक्कल लागते? पण लोकांच्या तोंडाला ती चव बसली.

गाडीचं दुकान झालं. मग तुमसरला बाजाराजवळ दुसरं, तिथे राईस मिलमधले हमाल सुटी झाली की आधी आमच्याकडे. मग नदीपलीकडे कारध्याला. प्रत्येक नव्या दुकानात भाऊ आधी मला पाठवायचा. मी पोरांना शिकवायचे, जम बसला की पुढच्या गावाला. भाऊ चारचौघांत सांगायचा, ही माझी ताई, हिच्या हाताला चव आहे. जयंतीला आमच्या वस्तीत यायचा, हार घालायचा, त्या दिवशी दुकानात सवलत आणि मोबाईलच्या स्टेटसला निळा झेंडा. मी त्याला आपला माणूस समजत होते. अगदी मनापासून समजत होते.

शहापूरला हायवेवर दुकान काढायचं ठरलं तेव्हा मी पहिल्यांदा त्याच्याकडे काही मागितलं. शहापूर माझं गाव. घरी आई एकटी, डोळ्यांनी अधू झालेली. तुमसरहून भंडारा, भंडाऱ्याहून शहापूर, अशा गाड्या बदलत मी पोचेपर्यंत ती दारात बसून राहायची. मी म्हटलं, तिथलं किचन मला दे. तो लगेच हो म्हणाला. मुख्य तू, कायमची तू. घरी आल्या आल्या आईला सांगितलं. ती म्हणाली, आपल्याच गावात? पुन्हा विचारलं, आपल्याच गावात? मला वाटलं तिला आनंद झाला. तो आनंद नव्हता, पण मला तेव्हा कळलं नाही.

शहापूरच्या दुकानात भाऊनं एक नवीन गोष्ट केली होती. किचन आणि बसायची जागा यांच्यामध्ये मोठी काच. खाणाऱ्याला दिसलं पाहिजे, आपलं चिकन कसं स्वच्छ बनतं ते. नागपूरला त्यानं तसं पाहिलं होतं.

फीत कापली पाटलांनी. काचेसमोरच्या पहिल्या टेबलावर तेच बसले, भोवती गावातली चार वजनदार माणसं. आईनं जन्मभर पाटलांच्या शेतात रोवणी केली. शाळेच्या सुट्टीत मीही केली. गुडघाभर चिखलात वाकून धानाचं एकेक रोप आम्ही लावायचं, कापायचं, मळायचं आम्ही. तो तांदूळ त्यांच्या घरात जायचा आणि काही विटाळायचं नाही. त्याचा भात झाला की मात्र आमचा हात चालत नसे. पाटलांच्या घरच्या लग्नात आई सकाळपासून तांदूळ पाखडत होती. पोतीच्या पोती. मी तिच्याजवळ खेळत होते. चुली पेटल्या, तसं कोणीतरी येऊन म्हणालं, झालं तुझं काम, जा आता. आई उठली, पदर झटकला, मला घेऊन निघाली. रस्त्यात मी विचारलं, आपण जेवायचं नाही का? तिनं माझा हात धरला आणि पावलं भरभर उचलली.

हे सगळं मी विसरले होते असं नाही. हे जुनं झालं, संपलं, असं मी धरून चालले होते. लाल पाटीच्या दुकानात कोण कुणाला विचारतं?

दुपारी गर्दी वाढली. फ्रायरची वाफ सरळ तोंडावर येत होती. मास्क भिजून नाकाला चिकटला, श्वास घेता येईना. मी तो हनुवटीखाली ओढला. भाऊ गल्ला सोडून धावत आत आला.

"वर कर तो. वर कर आधी."

मी म्हटलं, "काहून? मले सांग काहून."

त्यानं काचेकडे पाठ केली. आवाज एकदम खाली आणला, अगदी समजावणीचा. "गाव तुयं आहे ताई. तुमसरात तुले कोण ओळखते? इथं सारेच ओळखते. माया मनात काही नाही, तुले मालूम आहे. पर धंदा आहे. उद्यापासून तू मागच्या खोलीत बस. धुवाचं, मसाला लावाचा, पीठ लावाचं, ते सारं तूच पाय. तळाले मी दुसरा ठेवतो."

धुवायचं मी. मसाला मी. पीठ मी. तेलात सोडायची वेळ आली की मी बाजूला. पाटलांच्या चुलीपासून भाऊच्या फ्रायरपर्यंत आम्ही तेवढंच पुढे आलो होतो. फरक एवढाच, की पाटलांनी कधी माझ्या आईला ताई म्हटलं नव्हतं.

नोकरी जाताना दिसत होती, आई दिसत होती. हे खोटं सांगणार नाही, मी भ्याले होते. भीत भीतच मी मास्क काढला आणि कचऱ्याच्या डब्यात टाकला. झाऱ्यानं गरम तुकडे काढले, ताटात घेतले आणि दार ढकलून बाहेर गेले. भाऊ मागून "ताई, ताई" करत होता. ताट मी पाटलांच्या समोर ठेवलं.

म्हटलं, "पाटील, हे माया हातचं आहे. मगाशी खाल्लं तेही माया हातचंच होतं."

मला वाटलं, आता ओरडतील, ताट भिरकावतील. त्याची मी तयारी केली होती. पाटील ओरडले नाहीत. त्यांनी कागदानं एकेक बोट पुसलं आणि घरच्या माणसाला समजवावं तसं म्हणाले,

"मालूम होतं पोरी. पुऱ्या गावाले मालूम आहे इथं तू तळतं. पर तोंड दाखवाची काय गरज होती?"

मग ते उठले. त्यांच्याबरोबरची माणसं उठली. दारापाशी थांबून पाटलांनी भाऊला सांगितलं, टेबलावरचं बांधून दे. भाऊनं बांधून दिलं. माझ्या हातचं चिकन पिशवीत घालून ते घरी घेऊन गेले.

मी तिथेच उभी होते. त्या पिशवीनं माझ्या डोक्यात जो उजेड पाडला तो कुठल्या भाषणानं पाडला नव्हता. जन्मभर मी समजत होते, यांना किळस येते. किळस कुठे होती? यांना माहीत होतं. माहीत असून आवडीनं खाल्लं. त्यांना फक्त दिसायला नको होतं. आणि दिसू न देण्याचं काम माझं. वाफ मी सोसायची, श्वास मी कोंडायचा, आणि त्यांना माहीत नाही असं नाटक त्यांनी आरामात बसून करायचं.

दुकान बंद झाल्यावर भाऊनं मला बोलावलं. चिडला नव्हता, उलट काकुळतीला आला होता. तुमसरला परत जा म्हणाला, पगार वाढवतो, तिथे तूच मुख्य. मी नाही म्हटलं. मी म्हटलं, "काढाचं असन तर काढ. पर काहून काढलं ते गावापुढं उभा राहून सांग. माया जातीचं नाव घेऊन सांग." तो गल्ल्यातल्या नोटा मोजायला लागला. एवढी दुकानं काढणाऱ्या माणसाला तेवढं एक वाक्य बोलता येत नव्हतं.

घरी पोचले तर आईपर्यंत बातमी आधीच आली होती. ती रडत होती. तुमसरला जा म्हणाली, पोटावर पाय देऊ नको, माझ्यासाठी तरी जा. मी तिचे हात धरून बसले आणि तिलाही नाही म्हटलं. भाऊला नाही म्हणणं सोपं होतं. आईला म्हणताना आतडं तुटलं.

दुसऱ्या दिवशी दुकान उघडायच्या आत मी तिथे होते. फ्रायरजवळ नवा माणूस उभा होता, अंगात कोरा एप्रन. मी त्याला बाजूला हो म्हटलं. त्यानं भाऊकडे पाहिलं, भाऊनं दुसरीकडे पाहिलं, तो बाजूला झाला. मी काचेसमोर उभी राहिले आणि फ्रायर पेटवला.

किती दिवस राहीन, मला माहीत नाही. भाऊ मला काढील, गाव या दुकानाकडे पाठ फिरवील, कदाचित दुकानच बंद पडेल. पडू दे. मागच्या खोलीत मी जाणार नाही, तुमसरलाही जाणार नाही. गावाला माझ्या हातचं खायचं असेल तर माझ्याकडे बघत खावं लागेल. नसेल जमत तर उपाशी उठा.