पद्माक्काचा वरचा सूर

बेंगळुरूच्या चामराजपेटची पद्मावती कॉलेजात असताना एका रॉक बँडची गायिका होती. रविकिरण दुसऱ्या बँडात गिटार वाजवायचा. स्पर्धांमध्ये दोघांची गाठ पडायची, पण सख्य मात्र विळ्याभोपळ्याचं. पुढे नोकऱ्या लागल्या, लग्नं झाली आणि बँड पांगले. पद्मावती विमा कचेरीत लागली, गाणं स्वयंपाकघरापुरतं उरलं.

पंचवीसेक वर्षांनी तिसऱ्याच एका बँडच्या ड्रमरने, हयवदनने, दोघांना फोन केले. "आपल्या बँडांतलं उत्तम तेवढं एकत्र आणू," तो म्हणाला. नवा बँड जमला, कार्यक्रम ठरला, पोस्टरं लागली. त्यावर पद्मावतीचं नाव सगळ्यांत मोठं.

पण थायरॉइडचं ऑपरेशन झाल्यापासून तिचा वरचा सूर लागत नव्हता. बँडमध्ये तिने हे सांगितलंच नव्हतं. "गळा जपतेय" म्हणत ती तालमींत हलक्या आवाजात गाऊन वेळ मारून नेत होती.

"सांगून टाक की गं," नवरा मोहनकुमार म्हणायचा.

"सांगितलं की दुसरी बघतील."

सर्जापूर रोडला रविकिरणच्या अपार्टमेंटच्या तळघरात तालीम चालायची. एका रविवारी हयवदन म्हणाला, "पद्माक्का, आज गळा मोकळा सोडून गा."

तिने गायलं. ध्रुवपदाच्या टोकाला आवाज चरकन फाटला. ड्रम थांबले.

"माझा वरचा सूर गेलाय," ती खाली मान घालून म्हणाली. "तुम्ही दुसरं कुणीतरी बघा."

रविकिरण मटकन खुर्चीत बसला आणि हसायलाच लागला. पद्मावतीचा पारा चढला. "हसतोस काय रे?"

"तुला नाही हसत, अक्का. हे बघ." त्याने डाव्या हाताचं मधलं बोट वाकवलं. ते तिथंच अडकलं, दुसऱ्या हाताने सरळ करावं लागलं. "या गाण्यातला वेगाचा सोलो आता माझ्याच्यानं होत नाही. मीच आज बँड सोडतो म्हणून सांगणार होतो. सकाळपासून घास उतरला नाही बघ."

हयवदनने कपाळावर हात मारला. "म्हणजे दोघं मिळून मला बनवत होता! सरी, ठीक आहे. गाणं खाली घेऊ, स्वल्प सावकाश वाजवू. अडलंय कुणाचं?"

खालच्या स्केलमध्ये तिचा आवाज जाडसर, भरीव लागला. असा आवाज आपल्यापाशी आहे हे तिलाही ठाऊक नव्हतं. रविकिरणने सोलोचे निम्मे सूर गाळले. उरलेले मोकळे, लांबवर ऐकू येणारे.

कार्यक्रमाला सभागृह भरलं. पहिलं गाणं संपल्यावर मागून कुणीतरी ओरडलं, "पूर्वी वर जायचं हे!"

"जायचं खरं," पद्मावती माइकवरच म्हणाली, "पण आता इथंच बरं वाटतं." लोक हसले, आणि दुसरं गाणं सुरू झालं.

परतताना मोहनकुमार गाडी चालवत होता, रस्ता तुंबलेला होता. मागच्या सीटवर हयवदन आणि रविकिरण पुढच्या कार्यक्रमावरून वाद घालत होते. पुढे पद्मावती गाढ झोपली होती. चामराजपेट आलं तेव्हा मोहनकुमारला तिला हलवून उठवावं लागलं.