शाळेच्या पायरीपासून तीनशे अकरा पावलं

चिंचवाडीत बाबगोंडा पाटील सातजण होते. त्यातल्या चौघांच्या बापाचं नावही एकच, आण्णागोंडा. पाटलांच्या भावकीत नावंच दोन. आज्या बाबगोंडा असला की नातू बाबगोंडा, आणि मधला आण्णागोंडा. अशी चार घरं, चार चुली.

गावात त्यामुळं कुणाचं काही अडत नव्हतं. एक तिरळा बाबगोंडा, एक म्हशीचा बाबगोंडा, एक बोळका, एक हुलग्या. पण ही नावं पाठीमागं घ्यायची. टपालाच्या कार्डावर ती कोण लिहील? एकदा कोल्हापूरच्या एका पाव्हण्यानं सरळ मनानं 'बाबगोंडा तिरळा' असं लिहून पाठवलं. तिरळ्यानं ते कार्ड चुलीत घातलं आणि त्या घराशी ठरत आलेली सोयरीक मोडून टाकली.

ह्या गावात टपाल वाटायचं काम आलं भावकू शिंत्र्याकडं.

भावकू मूळचा थैलीवाला. मोटारी सुरू व्हायच्या आधी निपाणीचं टपाल पायानं पळायचं, त्या पळणाऱ्यांतला एक. खांद्यावर थैली, हातात घुंगराची काठी. वीस वर्षं हेच केलं. उंचीनं बुटका, पिंढऱ्या मात्र दगडाच्या. रोज तोच रस्ता, तीच वेळ, त्यामुळं पाऊल असं बसलेलं की घाट असो का माळ असो, बोटभरसुदिक इकडंतिकडं व्हायचं न्हाय. पुढं मोटार आली, थैली मोटारीत बसली आणि भावकू घरात बसला.

चोवीस साली चिंचवाडीच्या शाळेत टपालघर उघडलं. परशराम मास्तरांनी शाळाही चालवायची आणि टपालघरही. भावकूनं रोज निपाणीला जाऊन थैली आणायची आणि गावात वाटायची. पण सरकारनं अट घातलेली. सहा महिने चालवून बघायचं. टपाल ज्याचं त्याला पोचलं तर टपालघर कायम, आणि भावकूही कायम. न्हाय पोचलं तर कुलूप. मग पुन्हा पैल्यासारखं बाजारच्या दिवशी निपाणीला जा, आणि कारकुनापुढं हात जोडून विचारा, 'आमचं काय आलंय का वो?'

दोन महिन्यांत भावकूनं माती खाल्ली.

सदलग्यासनं एक कार्ड आलं. कोपरा फाडलेलं. कोपरा फाटका म्हंजे कुणीतरी गेलंय, हे वाचता न येणाऱ्यालाही कळायचं. पत्ता असा: 'राजमान्य राजश्री अखंडितलक्ष्मीअलंकृत बाबगोंडा आण्णागोंडा पाटील यांचे सेवेशी'. एवढ्यात निम्मं कार्ड भरलेलं. खाली कोपऱ्यात किडा-मुंगीसारखं 'चिंचवाडी'. मागं मजकूर दोन ओळींचा. 'आक्का काल सकाळी गेली. गाडी जुंपून निघणे.' सही 'आपला आण्णा'. आता आक्का कुठल्या घरात नसते? आणि आण्णा?

भावकूनं इचार केला, तिरळ्या बाबगोंडाची बहीण सदलग्यातच दिलेली. दिलं कार्ड तिरळ्याच्या दारात.

घरात एकच रडारड उठली. बायकांनी ऊर बडवला. गाडी जुंपली. आठ माणसं गळा काढत सदलग्यात शिरली, तर आक्का दारात बसून तंबाखूच्या पानांच्या जुड्या बांधत होती.

"काय गं बाई, कोण गेलं?" तिनं विचारलं.

तिरळा म्हणाला, "तूच गेलतीस."

"मी कुटं गेलते? सकाळपास्नं हितंच हाय की!"

गाव महिनाभर हसलं. पण म्हशीचा बाबगोंडा हसला न्हाय. त्याचीही बहीण सदलग्यातच होती. ती खरोखरच गेली होती. त्याला कळलं तवर राखसुदिक सावडून नदीत सोडली होती. भावाला बहिणीच्या राखेलाही हात लावता आला न्हाय.

तो शाळेत आला. भांडला न्हाय, शिव्या दिल्या न्हाईत. मास्तरांच्याच टेबलावर, मास्तरांच्याच दौतीत टाक बुडवून त्यानं टपालघराविरुद्ध अर्ज लिहिला आणि मास्तरांनाच म्हणाला, "ह्यो आता धाडा बेळगावला. निदान ह्याचा पत्ता तरी नीट लिवलाय."

अर्ज पोचला. पंधरा दिवसांत इनस्पेक्टर सायकल मारत आला. उंच, लांबटांग्या, मोजकं बोलणारा माणूस. त्यानं अर्ज वाचून दाखवला आणि म्हणाला, "तीन महिने आहेत. एक जरी पत्र चुकीच्या घरी गेलं, तर मी हे टपालघर बंद करून जाईन."

भावकू घरी आला तर बायको राजाबाई चुलीपुढं. म्हणाली, "मोटारीनं एकदा घरात बसिवलं. आता सात बाबगोंडा मिळून बसिवत्यात व्हय?"

ह्याचं उत्तर निपाणीत दिसलं, असं भावकूला वाटलं. टपालकचेरीच्या भिंतीला लाकडी खणांची एक मांडणी होती. एका खणावर नऊ आकडा. तो खण तंबाखूच्या एका बड्या व्यापाऱ्यानं घेतलेला. त्याची पत्रं मद्रासहून येवोत न्हायतर मुंबईहून, वर नाव, खाली 'पेटी नंबर नऊ, निपाणी', बास. गल्ली न्हाय, राजमान्य न्हाय. व्यापाऱ्याचा माणूस यायचा, किल्ली फिरवायचा, पत्रं घेऊन जायचा. आणि त्याला त्या नऊ आकड्याचा केवढा तोरा! छातीवर बिल्ला लावावा तसा सांगायचा.

भावकू मनात म्हणाला, व्यापाऱ्याला आकड्याची लाज न्हाय, तर पाटलांना का वाटावी?

दुसऱ्या दिवशी काव कालवून तो निघाला आणि सगळ्या दारांवर तांबडे आकडे काढून मोकळा झाला. एक, दोन, तीन, बाण्णवपातूर. मास्तरांनी वहीत लिहून घेतलं.

सकाळी उठून बघतोय तर बाण्णवच्या बाण्णव दारांवर शेणाचा पोतेरा फिरलेला.

म्हशीच्या बाबगोंडाची आई राजमती पोतेरं हातात घेऊनच उभी होती. सत्तरीची म्हातारी, आवाज मात्र चावडीपातूर जाणारा. "भावक्या, मुडद्या, माझ्या दारावर तांबडं काढतोस व्हय? पलेगात असंच काढलं होतं. तांबडं गोल काढून गेले, आनि दुसऱ्या दिवशी माणसं माळावरच्या झोपड्यात न्हेली. माझा दीर तिकडनं परत आला न्हाय!"

भावकूची मान खाली गेली. त्याच्या स्वतःच्या दारावरही तसला गोल होता एके काळी. इसरला कसा होता, त्याचं त्यालाच कळेना. घरी येऊन बघतो तर त्याच्याही दाराला शेण. राजाबाईनं स्वतः लावलेलं.

"पर आज्जी," तो राजमतीला म्हणाला, "मग मी वळखायचं कसं?"

"दाराला काय इचारतोस? तुज्या पायाला इचार की! वीस वर्सं काट्याकुट्यातनं पळलास, पायाला ठावं न्हाय व्हय कुटं जायाचं?"

म्हातारी बोलली ती चिडून. भावकू मात्र तिथंच उभा राहिला. मग वळला, शाळेच्या पायरीवर जाऊन दोन्ही टाचा जुळवल्या आणि चालायला लागला. एक, दोन, तीन. राजमतीच्या उंबऱ्याला पाय लागला तवा मावळतीच्या अंगाला दोनशे चौसष्ट झाली होती. परत गेला, परत आला. दोनशे चौसष्ट. तिसऱ्यांदा आला तवा म्हातारीनं विचारलं, "खुळा झालास व्हय रं?"

"न्हाय आज्जी. तुमचा पत्ता गावला."

चार दिवसांत अख्खं गाव पावलानं मोजून झालं. शाळेच्या पायरीवर उभं राहून उगवतीला किती, मावळतीला किती. दाराला बोट लावायचं न्हाय, काव न्हाय, चुना न्हाय. आकडा भावकूच्या पायात आणि मास्तरांच्या वहीत.

मास्तरांना भ्या होतं, पैला नंबर कुणाचा यावरनं पाटलांच्यात डोकी फुटणार. पण पावलांच्या आकड्यात पैला कोण न्हायच. तिरळ्याचं घर मावळतीला एकोणचाळीस. तो सांगायला लागला, "सरकार आमच्या दारात बसलंय." हुलग्याचं घर उगवतीला चारशे सात. तो मिशीवर हात फिरवून म्हणायचा, "चारशेच्या वर आकडा गावात हाय का कुणाचा? बघा हुडकून." दोघंही खूश. सगळं गाव एकमेकाला आकडे विचारत फिरायला लागलं.

खरी लढाई पुढं झाली, ती राजमान्य राजश्रीशी. कार्डाची पत्त्याची बाजू केवढी? तिच्यात आधीच अखंडितलक्ष्मी बसल्यावर पावलं कुठं लिहायची? शाळेत कुणी कार्ड लिहायला आलं की भावकू डोक्याशी उभा. पत्त्याच्या शेजारी धाडणाऱ्याचाही पत्ता हवा: पैल्या ओळीत नाव आणि बापाचं नाव. दुसरीत पावलं. तिसरीत चिंचवाडी. चौथीत निपाणी, तालुका चिकोडी. आणि हाच पत्ता आतल्या मजकुराखालीही लिहायचा, म्हंजे उत्तर देणाऱ्याला कळावं.

बोळक्या बाबगोंडाचा थोरला भाऊ व्याह्याला कार्ड लिहायला आलेला, तो खवळला. "माझ्या याह्याला राजमान्य लिवायचं न्हाय? नुस्तं नाव? तो काय माझा गडी हाय?"

"राजमान्य आत लिवा आप्पा, चार ओळी लिवा. भाईर पावलं लिवा. याह्या आत बसतोय, मी भाईर चालतोय."

हे वाक्य गावात झालं. मुंबईच्या गिरणीत गेलेल्यांना, पलटणीत गेलेल्यांना, सासरी गेलेल्या लेकींना सगळ्यांना नवा पत्ता गेला. नांदायला निघालेली पोर रडता रडता आईच्या गळ्यात पडून म्हणायची, "पत्र धाडत जा," आणि आई डोळं पुसत म्हणायची, "उगवतीला एकशे बारा, इसरू नको."

तीन महिन्यांनी इनस्पेक्टर आला. त्यानं आधीच डाव टाकलेला. मास्तरांकडनं यादी मागवून घेतली होती आणि बेळगावातनं स्वतःच्या हातानं दहा कार्डं टाकली होती. त्यातली चार, चार बाबगोंडा आण्णागोंडांना. नाव तेच, बाप तोच, गाव तेच. फरक फक्त पावलांचा.

चावडीपुढं माणसं जमली. इनस्पेक्टर नावं घेईल तसा एकेकजण कार्ड काढून दाखवायला लागला. तिरळ्याचं तिरळ्याकडं. हुलग्याचं हुलग्याकडं. बोळक्यानं कार्ड पागोट्यात खोवून आणलं होतं. दहाच्या दहा बरोबर.

इनस्पेक्टरला पटेना. "हा योगायोग असेल," तो म्हणाला. "पावलांवर पत्ता हे कुठल्याही नियमात नाही. मी स्वतः चालून बघतो. मावळतीला दोनशे चौसष्ट."

शाळेच्या पायरीवरनं निघाला मोजत. मागं सगळं गाव, पण कुणी तोंड उघडेना. लांब ढांगा टाकत त्यानं राजमतीचं घर ओलांडलं, गोठा ओलांडला. दोनशे त्रेसष्ट, दोनशे चौसष्ट. बुटासकट उजवा पाय घोट्यापातूर उकिरड्यात.

राजमती दारातनं ओरडली, "सायेब, उकिरड्याचं टपाल आलंय व्हय?"

गाव फुटलं हसून. इनस्पेक्टर लालबुंद. "पाहिलंत? आकडा चुकीचा आहे!"

भावकू पुढं आला. हात जोडले न्हाईत, नुस्ता उभा राहिला. "आकडा बरोबर हाय सायेब. पावलं तुमची लांब हाईत. टपाल माझ्या पायानं जातंय."

आणि शाळेच्या पायरीवर जाऊन तो चालत आला. गावच मोठ्यानं मोजत होतं. दोनशे बासष्ट, दोनशे त्रेसष्ट. चौसष्टाव्याला त्याचा अंगठा राजमतीच्या उंबऱ्याला लागला.

मग म्हशीचा बाबगोंडा घरातनं बाहेर आला. त्याच्या हातात अजून एक कार्ड होतं, इनस्पेक्टरचं न्हाय. चारी कोपऱ्यांना हळद लावलेलं. वारलेल्या बहिणीच्या लेकीचं लगीन. सदलग्यासनं आलेलं, चार ओळींचा पत्ता, मधी पावलं.

"मागल्या सोमवारी आलं," तो म्हणाला. "माझ्याच दारात. परवा मी मामा म्हणून अक्षता टाकून आलो." त्यानं कार्ड कोपरीच्या खिशात घातलं. "माझा अर्ज मी माघारी घेतोय. कुटं सही करू?"

इनस्पेक्टरनं बूट झाडला. वहीत काहीतरी लिहिलं, बराच वेळ लिहिलं, आणि सायकलवर टांग टाकली.

तीन आठवडे गाव वाट बघत होतं. मग एका सकाळी भावकूनं निपाणीची थैली शाळेत आणून ओतली. त्यात दोन सरकारी लखोटे. एक मास्तरांच्या नावाचा. मास्तरांनी तो फोडला आणि वर्गातली पोरं दचकतील असे ओरडले, "कायम!"

दुसऱ्यावर लिहिलं होतं:

भावकू शिंत्रे
उगवतीला पावलं ३११
चिंचवाडी
निपाणी, तालुका चिकोडी

इनस्पेक्टरचंच अक्षर. नियमात नसलेली ओळ सरकारनं स्वतःच्या शाईनं लिहिलेली.

"फोड की रं," मास्तर म्हणाले.

"हितं कसा फोडू? पत्ता हितला न्हाय."

भावकूनं आधी सगळ्या गावाचं टपाल वाटलं. मग शाळेच्या पायरीवर परत आला, टाचा जुळवल्या आणि लखोटा हातात धरून उगवतीला चालायला लागला. दोन्ही बाजूंच्या दारांतनं माणसं बघत होती. कुणी हाक मारली न्हाय, मोजणी चुकंल म्हणून. तीनशे अकराव्या पावलाला तो स्वतःच्या दारात थांबला आणि रोज मारतो तशीच खणखणीत हाक मारली.

"भावकू शिंत्रे हाईत का घरात? सरकारी टपाल हाय!"

राजाबाई हात पुसत बाहेर आली. तिनं लखोट्याकडं बघितलं, त्याच्याकडं बघितलं.

"न्हाईत," ती म्हणाली. "डाक वाटाय गेल्यात. आता रोजच जातील. आना हिकडं, मी घेते."