डॉमने थांबायला हवं होतं

डॉम डॉम्ब्रॉस्की एकोणचाळीस वर्षं आमच्या बँडमध्ये ड्रम वाजवत होता, आणि त्यातली निदान शेवटची दोन वर्षं त्याला धड ऐकू येत नव्हतं. मला ते शोच्या चार महिने आधी कळलं. कॉलीनला शो चालू असताना कळलं. त्या चार महिन्यांबद्दल मी स्वतःला माफ केलेलं नाही, आणि करावं असं मला कोणी सांगूही नये.

बँडचं नाव बॅड फर्नेस. चौऱ्याऐंशी सालच्या हिवाळ्यात आम्ही ईरी शहरात कॉलीन रॅफर्टीच्या आईच्या तळघरात वाजवायला लागलो. तिथली घर गरम ठेवणारी भट्टी, म्हणजे फर्नेस, आठवड्यातून दोनदा बंद पडायची आणि आम्ही कोट घालून वाजवायचो, म्हणून हे नाव. कॉलीन गायची आणि बेस गिटार वाजवायची, मी गिटार, डॉम ड्रम. गाणी दीड-दोन मिनिटांची, त्यात अर्धं मिनिट कॉलीनच्या शिव्या. पुढे ती एका वृद्धाश्रमात स्वयंपाक करायला लागली, मी शाळेची बस चालवायला लागलो आणि डॉम रेल्वे इंजिनांच्या कारखान्यात लोखंड घासायच्या खात्यात लागला. दिवसा कारखाना, संध्याकाळी ड्रम. कानांनी तरी किती सोसायचं?

डॉम बोलायचा कमी. दौऱ्यावर हजार मैलांत त्याच्या तोंडून दहा वाक्यं निघाली तर कॉलीन त्याला विचारायची, "काय रे, ताप आलाय का?" पण कुठल्याही हॉलमध्ये शिरलो की सामान उतरवायच्या आधी तो स्टेजसमोरची जमीन पायांनी तपासायचा. वर आलेला खिळा ठोकायचा, सांडलेली बिअर पुसायचा, टेबलं भिंतीला लावायचा. कारण तिथेच लोक गोल धावतात आणि एकमेकांवर आदळतात. बाहेरच्याला ती मारामारी वाटते. तशी ती नसते. तिथे कोणी पडला तर शेजारचा त्याला उचलतो. उचलता येईना, तर जवळचे सगळे हात वर करतात आणि ड्रम थांबतात. ड्रमच थांबावे लागतात. गिटार थांबली तर कोणी ढुंकून बघत नाही, तार तुटली असेल. गाणं थांबलं तर कॉलीन कुणाशी तरी भांडत असेल. ड्रम थांबले की मात्र दोनशे माणसं जागच्या जागी उभी राहतात. हे कुठे लिहिलेलं नाही, पण चौदा वर्षांच्या पोरालाही माहीत असतं. आणि आमच्या भागात सगळे म्हणायचे की डॉमइतक्या चटकन कोणी थांबत नाही. हात वर झाले की पुढचा ठोका पडायचाच नाही.

चौऱ्याण्णव साली कॅलिफोर्नियाच्या एका रेकॉर्ड कंपनीचा माणूस आम्हाला ऐकायला आला. आमच्यासारख्या बँडना तेव्हा अचानक भाव आला होता. त्याला सगळं आवडलं, फक्त ड्रमवाला बदला म्हणाला, हा गाणं पळवतो. डॉम दाराशीच उभा होता. कॉलीन त्या माणसाला म्हणाली, "तो पळतो म्हणून तर आम्ही चालतो. तू नीघ." मलाही तेच म्हणायचं होतं. आम्ही करार न करता घरी आलो आणि पुढची जवळजवळ तीस वर्षं ज्या हॉलमध्ये वाजवत होतो त्यातच वाजवत राहिलो. कॉलीनला आणि मला त्याचं वाईट वाटलं नाही, पण डॉमला वाटलं. त्या दिवसापासून आजारी आहे म्हणून त्याने एकही शो चुकवला नाही. एकशे तीन ताप असताना वाजवायचा आणि मग मागे जाऊन ओकायचा. मी एकदा म्हटलं, गाढवा, सांगायचं तरी. तो म्हणाला की तुम्ही माझ्यासाठी एवढं सोडलंत, मी एक दिवस सोडू का?

गेल्या जूनमध्ये मी गाडीची किल्ली घ्यायला त्याच्याकडे गेलो. बायको लॉरेन सोडून गेल्यापासून तो एकटाच राहतो. स्वयंपाकघरात धुराचा इशारा देणारं यंत्र चिवचिवत होतं. बॅटरी संपत आली की ते दर मिनिटाला टोकदार आवाज काढतं, डोक्यात खिळा मारल्यासारखा. शहाणा माणूस पाच मिनिटांत स्टुलावर चढून बॅटरी काढतो. डॉम त्या यंत्राच्या अगदी खाली बसून पेपर वाचत सँडविच खात होता. मी दारातून हाक मारली. मग आत जाऊन हाक मारली. तिसऱ्यांदा त्याच्या पाठीशी उभं राहून मारली, आणि मग खांद्यावर हात ठेवला तेव्हा तो केवढ्याने दचकला. मी वर बोट दाखवलं. त्याने यंत्राकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि सँडविच खाली ठेवलं.

"किती दिवस ओरडतंय ते?" त्याने विचारलं.

मला काय माहीत? बॅटरीवर लिहिलेलं नसतं.

मग त्याने सगळं सांगितलं. बारीक आवाज आधी गेले, मग माणसांचं बोलणं; ते आता तो ओठ बघून ओळखायचा. कॉलीनचा बेस त्याला बुडाखालच्या स्टुलातून कळायचा, माझी गिटार जवळजवळ नाहीच. तो आमचे खांदे बघून वाजवत होता. मी म्हटलं, कॉलीनला सांगू या. तो उठून उभा राहिला.

"ऑक्टोबरचा शो होऊ दे. मग मी स्वतः सांगतो."

"आणि कोणी पडलं तर?"

"हात दिसतात की मला. कान गेलेत, डोळे नाही गेले."

खरं सांगायचं तर मला ते ऐकायचंच होतं. आम्ही एकोणीस वर्षांचे असताना ठरवलं होतं की तिघांपैकी एकाला जमेना झालं तर बदली माणूस आणायचा नाही, बँड बंद करायचा. डॉम संपला म्हणजे मीही संपलो. अठ्ठावन्नाव्या वर्षी माझ्याकडे एक शाळेची बस आणि हा बँड, एवढंच होतं. म्हणून झाकली मूठ झाकलेलीच ठेवली. आणि एक गोष्ट मला पक्की माहीत होती, जी मी त्या दिवशी तोंडातून काढली नाही. गाणं अगदी वेगात आलं की डॉम डोळे मिटून घेतो आणि फक्त कानांवर वाजवतो.

पुढचे चार महिने मी त्याचे कान झालो. गाण्याच्या सुरुवातीला गिटारची मान वर उचलायची, शेवटाला उजवा पाय आपटायचा. कॉलीन म्हणाली, म्हातारपणी हा नाचायला काय लागलाय. मी हसलो. एकदा सरावात डॉम दोन ठोके पुढेच गेला, ती चिडून वळली, आणि मी सरळ म्हटलं की चूक माझी होती. खोटं बोलायला पहिल्यांदा जीभ अडखळते, नंतर वळण लागतं. रोज रात्री अंथरुणात मी शोचे दिवस मोजायचो.

शो रविवारी दुपारी दोनचा होता, माजी सैनिकांच्या हॉलमध्ये. आमचे शो दुपारीच होतात, म्हणजे शाळेतली पोरंही येतात आणि ज्यांना सोमवारी पहाटे कामावर जायचं असतं तेही. आता तर निम्म्या लोकांच्या गुडघ्यांना पट्टे असतात. डॉमने नेहमीप्रमाणे जमीन तपासली. पुढे बेथ लिंडक्विस्ट उभी होती. बेथ शाळेत ग्रंथपाल आहे, बावन्न वर्षांची, आणि एकोणनव्वद सालापासून आमचा ईरीतला एकही शो तिने चुकवलेला नाही. पोरांच्या लोंढ्यात ती दरवेळी पडायची, कोणीतरी तिला उचलायचं, आणि ती चष्मा पुसत पुन्हा आत घुसायची. डॉमने जाता जाता तिच्या बुटाची सुटलेली नाडी बोटाने दाखवली. तिने ती बांधली.

पहिली अकरा गाणी नीट गेली. मी एक डोळा डॉमवर ठेवून वाजवत होतो, शर्ट घामाने अंगाला चिकटला होता. बाराव्या गाण्यात मला कॉलीनच्या माइकवर जाऊन ओरडायचं असतं. म्हणजे डॉमकडे पाठ. फक्त चाळीस सेकंद, असं मी स्वतःला सांगितलं आणि पुढे गेलो.

तेवढ्यात समोर हात वर झाले. आधी चार, मग दहा-बारा. मी वाजवणं थांबवलं. कॉलीन थांबली. आणि मग आम्ही दोघं तिथे नुसते उभे राहिलो, कारण पुढचं काम डॉमचं होतं आणि एकोणचाळीस वर्षांत ते काम एकदाही चुकलं नव्हतं. आम्ही ड्रम थांबायची वाट बघत होतो. समोरचे वाट बघत होते. मागचे लोक धावतच होते, ड्रम चालू आहेत म्हणजे सगळं ठीक आहे. त्यांना कोण काय सांगणार? हात वर केलेल्यांवर मागून माणसं आदळत होती आणि ते खाली कोसळत होते, जे कोणी आधीच खाली होतं त्याच्यावर. कॉलीन माइकवर ओरडली, "थांबा." ती तर सगळ्या गाण्यांतच ओरडते.

मी वळलो. डॉमचे डोळे मिटलेले होते आणि चेहरा इतका सुखात होता की मला ते बघवलं नाही. मी धावलो, गिटारची वायर तुटली, एक झांज आडवी झाली. मी त्याचं मनगट दोन्ही हातांनी धरलं. त्याने डोळे उघडले. माझ्याकडे नाही, माझ्या मागे पाहिलं, आणि तो ड्रमवरून उडी टाकूनच खाली गेला.

खाली बेथ होती. गळ्याखालचं हाड मोडलं होतं, मनगट वेडंवाकडं झालं होतं, आणि श्वास घेताना ती कण्हत होती. डॉम तिच्या डोक्याशी गुडघे टेकून बसला आणि रुग्णवाहिका येईपर्यंत हलला नाही. ती काहीतरी बोलत होती. तो तिच्या ओठांकडे बघत होता.

हॉल रिकामा झाल्यावर त्याने विचारलं, "मी किती वेळ वाजवत होतो?"

"दहा सेकंद असतील," मी म्हटलं.

"अर्धं मिनिट," कॉलीन म्हणाली. मग ती थेट त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली आणि सावकाश, प्रत्येक शब्द तोडून विचारलं, "तुला ऐकू येत नाही ना?"

त्याने मान डोलावली. ती माझ्याकडे वळली. मला माहीत होतं का, हे तिने विचारलंच नाही, माझ्या तोंडावर सगळं लिहिलेलं असणार. "त्याचं मी समजू शकते," ती म्हणाली, "तो घाबरला होता. तू काय करत होतास?" मी वायर गुंडाळायला लागलो आणि ती निघून गेली.

दुसऱ्या दिवशी दुपारी डॉम आणि मी हॉस्पिटलमध्ये गेलो. त्याला एकट्याने जायचं होतं, पण बोललेलं कळणार कसं म्हणून मी बरोबर गेलो. बेथच्या हाताला सळया घातल्या होत्या, चेहऱ्याची एक बाजू काळीनिळी झाली होती. डॉमने सांगितलं की त्याला ऐकू येत नव्हतं, त्याने ते लपवलं, चूक त्याची आहे. माझं नाव त्याने घेतलं नाही. बेथ छताकडे तोंड करून हळू आवाजात बोलली.

"चौतीस वर्षं मी तुझ्या भरवशावर पडत आले, डॉम. मला कधी भीती वाटली नाही. काल तिथे खाली मला वाटलं, हा थांबतच नाहीये, मी आता मरणार."

डॉमला ओठ दिसले नव्हते. तो माझ्याकडे बघत होता. "काय म्हणाली?"

बेथचे डोळे मिटलेले होते. ती म्हणते झालं गेलं विसर, असं मी सांगितलं असतं तर त्याने मानलं असतं. चार महिने मी हेच तर करत होतो, त्याच्यापर्यंत काही पोचू द्यायचं नाही. मी त्याच्यासमोर वाकलो, त्याचा चेहरा धरला आणि तिचं वाक्य न् वाक्य त्याला सांगितलं, मोठ्याने, बाहेरच्या नर्सलाही ऐकू जाईल असं. मरणार, हा शब्द मला दोनदा सांगावा लागला.

तो बेथकडे वळून म्हणाला, "थांबलो मी. आता थांबलो."

बेथ रडायला लागली. तिने खाटेवर पाय जरा बाजूला सरकवले आणि मला म्हणाली की याला बसायला सांग. मी तेही त्याला मोठ्याने सांगितलं.