हुसेनमियाँचा अखबार

हुसेनमियाँ गेल्याचं मला अकरा दिवसांनी कळलं. बीडच्या कचेरीबाहेर मी अशिलाची वाट पाहत उभा होतो. नांदूरघाटचा एक ओळखीचा गाडीवान चिंचेची पोती उतरवता उतरवता म्हणाला, "अखबारवाले गेले की तुमचे." मी विचारलं, कुठं गेले? कारण हुसेनमियाँ अधूनमधून जामखेडला जायचा आणि दोन-दोन दिवस परतायचा नाही. गाडीवानानं पोतं खाली ठेवलं, डोक्याचा पटका सारखा केला आणि नुसतं माझ्याकडे पाहिलं... मग मला कळलं. चाळीस वर्षं सगळ्या गावाला जगाच्या बातम्या पुरवणारा माणूस, आणि त्याची स्वतःची बातमी अकरा दिवस रस्त्यात रेंगाळली. मला आधी राग आला, आणि तोही त्याच्यावरच. आजारी होतास तर एक चिठ्ठी पाठवायला काय झालं होतं? त्या दिवशी मी कचेरीत उभा राहिलो खरा, पण काय बोललो ते मला आठवत नाही, आणि अशिलानंही पुढं विचारलं नाही.

आम्ही दोघं नांदूरघाटच्या एकाच मदरशात, एकाच मौलवींच्या हाताखाली फारसी शिकलो. मी पुढं वकिलीची परीक्षा देऊन बीडला आलो, तो गावातच सरकारी शाळेत मास्तर झाला. त्याच्या घराला लोक 'अखबारनवीसाचं घर' म्हणत. आजच्या वाचकाला अखबार म्हटलं की छापील कागद दिसतो, पण आमच्या लहानपणी या शब्दाला छपाईचा वासही नव्हता. एक असली की खबर, पुष्कळ झाल्या की अखबार, एवढाच त्याचा मूळ अर्थ. मात्र दरबारात तो शब्द गेला आणि त्याचा रुबाब वाढला. गावोगाव काय चाललंय, कोण कोणाकडे बसतो, कुठल्या पाटलानं काय दाबलं, हे सगळं लिहून मोहरबंद थैलीतून वर पाठवायचं, त्या कागदाचं नाव अखबार. तो लिहिणारा अखबारनवीस, म्हणजे हुसेनमियाँचा आजा. गावातल्या एकाही माणसानं तो अखबार कधी वाचला नाही, पण घाबरायचे सगळे. नदीवर भांडणाऱ्या बायकासुद्धा "अखबारात जाशील" म्हटलं की आवाज खाली आणायच्या. हुसेनच्या जन्माआधीच ते पद मोडीत निघालं होतं, तरी भीती घराला चिकटून राहिली. मदरशात तो आला की पोरं गप्प व्हायची. एकदा त्यानं चिडून मला विचारलं होतं, "बे, मी काय लिवून घेतो काय तुमचं?" तेव्हा तो नऊ-दहा वर्षांचा असेल. माणसं आपल्यासमोर मोकळेपणी बोलत नाहीत, हे शल्य त्याला तेव्हापासून होतं, आणि पुढं त्यानं जे काही केलं ते सगळं त्यापायी केलं असं माझं मत आहे.

मास्तर झाल्यावर त्यानं आमच्या संस्थानाबाहेरच्या इंग्रजी हद्दीतून, जामखेडच्या एका गाडीवानाबरोबर, पुण्याचं साप्ताहिक मागवायला सुरुवात केली. बाजाराच्या दिवशी शाळा सुटली की तो कडुनिंबाखालच्या ओट्यावर बसायचा, कागद वाऱ्यानं उडू नये म्हणून त्यावर नदीतला एक गुळगुळीत दगड ठेवायचा आणि खणखणीत आवाजात वाचायचा. पहिले काही बाजार त्याचं वाचन एक आंधळा फकीर आणि दोन शेळ्या यांनी ऐकलं. मी त्याला सांगितलं, अरे, तू त्याला अखबार म्हणतोस म्हणून लोक बिचकतात, सरळ वर्तमानपत्र म्हण की. आपल्या जुन्या पत्रांतून 'इकडील वर्तमान ऐसे जे' असं लिहीत, म्हणजे शब्द आपल्याच घरातला आहे. तो ऐकेना. म्हणाला, "तुझा शब्द चांगला हाय, बापू, पण त्याला कुणी भ्यालं नव्हतं. आधी आपली खबर वर जायची आन् खाली काय बी यायचं न्हाई. आता वरची खाली यायलीय. शब्द त्योच ठिवायचा आन् भीती काढायची." हा वाद आमच्यात पंधरा-वीस वर्षं चालला आणि मी तो एकदाही जिंकलो नाही. वकिलाला हे कबूल करायला जड जातं.

लोक हळूहळू जमू लागले. आधी तंबाखूवाले, मग बाजार आटोपलेले शेतकरी, मग थोडं अंतर राखून बायका. चीनमधल्या पुराची बातमी ऐकून आमच्या गावच्या म्हाताऱ्या हळहळल्याचं मी पाहिलंय. वाचून झालेले कागद बायका फळीवर अंथरायला, भाकरी गुंडाळायला मागून न्यायच्या. कुणी "मास्तर, एखादा शिळा अखबार द्या" म्हटलं की हुसेनमियाँचा चेहरा असा खुलायचा की जणू त्याला जहागीर मिळाली. आता अखबारात भाकरी बांधतात, म्हणायचा, अजून काय पाहिजे?

मग तो प्रसंग घडला. ऐन पेरणीत एका अंमलदाराचा दौरा आमच्या भागात आला आणि रिवाजाप्रमाणे सामान वाहायला माणसं, गाड्या, बैल वेठीला धरले गेले. गावात गंगाबाई नावाची एक विधवा होती. दिराशी शेताचा तंटा, पदरी लहान मुलगा, आणि दोन बैलांवर तिची सगळी शेती. त्यातला एक बैल वेठीला गेला, सातव्या दिवशी लंगडत परत आला आणि दावणीलाच मेला. तिनं हे हुसेनमियाँला सांगितलं. दुसऱ्या कुणाला सांगणार? गावात लिहितावाचता आणि ऐकून घेणारा असा तोच होता. त्यानं त्याच रात्री... नाही, दुसऱ्या दिवशी शाळेत बसून ती सगळी हकिकत लिहून काढली आणि साप्ताहिकाला पाठवण्याआधी मला बीडला दाखवायला आणली.

मी ती वाचली. एकदा नाही, तीनदा वाचली. ऱ्हस्वदीर्घ सुधारलं. दोन ठिकाणी त्यानं अखबार लिहिलं होतं ते खोडून वर्तमानपत्र केलं, त्यावरून आमची घटकाभर जुंपली, चहा थंड झाला, आणि शेवटी तो हसत उठून गेला. मजकुराच्या सुरुवातीलाच लिहिलं होतं, 'नांदूरघाटची गंगाबाई हिच्या जबानीवरून'. ती ओळ मी तीनदा वाचली, आणि तिच्यावर माझं बोट एकदाही थांबलं नाही. त्याच्या आजाच्या कागदांत प्रत्येक खबरेच्या डोक्यावर सांगणाऱ्याचं नाव असायचं, बेनावी खबर वर पाठवायची नाही हा त्या घरचा कायदा. हुसेननं तो पाळला. आणि पुण्याच्या छापखान्याचा कायदा वेगळा, तिथं बातमी पाठवणाऱ्याचं नाव घालायची पद्धत नव्हती. त्यांनी मजकूर जसाच्या तसा घेतला आणि खाली 'आमच्या बातमीदाराकडून' एवढंच छापलं. झालं काय, की सांगणारी बाई पहिल्याच ओळीत उघड्यावर आली आणि लिहिणारा मास्तर सुखरूप झाकला गेला.

त्या बाजारी मी गावातच होतो. हुसेनमियाँ फुशारकीनं वाचायला बसला, आपल्या गावाचं नाव पहिल्यांदा अखबारात आलं होतं. पहिली ओळ वाचली आणि ओट्याभोवतीची माणसं एकदम गप्प झाली. ती चुप्पी मी ओळखली, मदरशातली होती. दोन-तीन जण उठून चालू लागले. गंगाबाई टोपली घेऊन मागं उभी होती, ती पुढं आली. तिचा आवाज अजिबात चढला नव्हता. "माझं नाव कावून घातलं, मास्तर? म्या तुमाला सांगितलं व्हतं, कागदाला न्हाई." हुसेनमियाँनं दगड बाजूला केला, कागदाची घडी घातली आणि ओट्यावरून उतरला.

आठवड्यात तिला तहसिलीतून बोलावणं आलं. असं काही घडलं नाही, बैल आपल्या मरणानं मेला, असा कागद लिहून दे, नाहीतर शेत दिराच्या नावावर चढेल, असं एका कारकुनानं तिला वाटेतच समजावलं होतं. म्हणजे खरं बोलली तर शेत जाणार, आणि खोटा कागद दिला तर दीर उद्या तोच कागद दाखवून तिला खोटारडी ठरवणार. मी तिच्या बाजूनं उभं राहायला गेलो होतो. जाताना गाडीत हुसेनमियाँ माझ्याशेजारी बसला होता. म्हणाला की आजा नाव घालायचा ते खरेपणासाठी, असं आपण जन्मभर समजत आलो. खरं तर खबर खोटी निघाली तर सांगणारा सापडावा आणि लिहिणाऱ्याची मान सुटावी, म्हणून ते नाव असायचं. "त्यो आपल्या जिवाला भेऊन लिवायचा, बापू. आन् म्या त्याचाच कित्ता गिरवला." मी त्याला काहीतरी समजुतीचं बोललो असेन. त्यानं ऐकलं नाही, आणि ते बरंच झालं.

तहसिलीत गंगाबाईचा पुकारा झाला तेव्हा माझ्या आधी तोच पुढं झाला. बातमी मी लिहिली, तो म्हणाला. या बाईनं मला काहीही सांगितलेलं नाही, लंगडणारा बैल मी माझ्या डोळ्यांनी पाहिला, आणि तिचं नाव माझ्या मनानं घातलं. काय विचारायचं ते मला विचारा. तहसीलदारसाहेबांनी उर्दूत पुन्हा विचारलं, त्यानं उर्दूत पुन्हा तेच सांगितलं आणि जबानीच्या कागदाखाली स्वतःचं पूर्ण नाव, बापाच्या आणि आजाच्या नावासकट, लिहून सही केली. त्याच्या सगळ्या आयुष्यात मला ठाऊक असलेलं हे एकच खोटं, आणि तेही सरकारी कागदावर. मी वकील, शेजारी उभा राहून ऐकलं आणि चूप बसलो. आजही पुन्हा प्रसंग आला तर चूपच बसेन. गंगाबाईचं शेत राहिलं. हुसेनमियाँची मास्तरकी महिन्याभरात गेली.

नोकरी गेल्यावर तो बीडला येईल असं मला वाटलं होतं, मी घरातली एक खोलीही रिकामी करून ठेवली होती. तो आला नाही. त्याच कडुनिंबाखाली लोकांचे अर्ज आणि पत्रं लिहून देऊ लागला, आणि बाजाराच्या दिवशी अखबार वाचायचा तो वाचतच राहिला. तहसिलीनंतरच्या पहिल्या बाजारी ओट्यापाशी पाच-सहा माणसं होती. त्यानं वाचायला तोंड उघडलं, तर गंगाबाई मागून पुढं आली, टोपली खाली ठेवून ऐसपैस बसली आणि म्हणाली, "कोण सांगतंय हे?" हुसेनमियाँ थांबला. कागद उलटसुलट करून पाहिला. म्हणाला, "सांगणारा लपलाय, गंगाबाय. ऐका, पर लगीच मान डोलवू नका." लोक हसले, आणि मला वाटतं त्या हसण्यातच अखबार या शब्दातली उरलीसुरली भीती गेली. तेव्हापासून नांदूरघाटात रिवाजच पडला. बातमी विलायतेची असो की वडवणीची, वाचणाऱ्यानं तोंड उघडलं की कुणीतरी विचारणार, कोण सांगतंय? आणि हुसेनमियाँ सांगणार. पुढं त्यानं साप्ताहिकाला जे जे लिहिलं त्यात दुसऱ्या कुणाचं नाव आलं नाही आणि खाली स्वतःचं पूर्ण नाव चुकलं नाही. आमच्याकडे तशी पद्धत नाही, असं संपादकांनी एकदा कळवलं. त्यानं उलट टपाली लिहिलं की नावासकट छापा, नाहीतर कागद परत पाठवा, आमच्याकडे त्यात भाकरी बांधतात. त्यांनी छापलं.

बातमी कळल्यावर दोन दिवसांनी मी नांदूरघाटला गेलो. ओटा झाडून ठेवलेला होता, दगड जिथल्या तिथं होता. बाजारचा दिवस नव्हता, तरी गंगाबाई तिथंच बसलेली दिसली. आता तिला नीट दिसत नाही, पण माझा आवाज तिनं ओळखला. तो अंमलदार केव्हाच पेन्शनीत गेला, शेत तिच्या मुलाच्या नावावर चढून कैक वर्षं झाली. तरीही मी तिला सांगितलं, हुसेनमियाँवर मी अखबारात लिहिणार आहे, आणि विचारलं, तुझं नाव घालू का? नको म्हणालीस तर घालणार नाही, घाबरू नकोस. बोलून झाल्यावर माझ्या लक्षात आलं की मी 'अखबारात' म्हणालो होतो.

ती दगडावरून हात फिरवत होती... मग म्हणाली, "घाला माझं नाव. त्या येळंला कुणी इचारलं न्हवतं, आता तुमी इचारलंत. अन् असं लिवा, वकीलसाहेब, की मास्तर तहसिलीत खोटं बोलले. बैलाचं त्यांना म्याच सांगितलं व्हतं."

म्हणून लिहितो आहे. हा मजकूर नांदूरघाटला पोचेल तेव्हा बाजाराच्या दिवशी कुणीतरी तो त्या ओट्यावर बसून, कागदावर तोच दगड ठेवून वाचेल. आता शाळेतले नवे मास्तर वाचतात असं ऐकलं. त्यांनी पहिली ओळ वाचली की कुणीतरी विचारेलच, कोण सांगतंय? त्यांनी वर मान करून सांगावं, नांदूरघाटची गंगाबाई सांगते.